जिवंत माणसाच्या नावाची पाटी

शाओशिंग
जुन्या पंचांगाच्या नवव्या महिन्याची अकरा

आयुन,

वर 'अनेक आशीर्वाद' लिहायला घेतलं होतं, पण हात पुढे सरकेना. तेव्हा नुसतंच आयुन.

परवा नगरदेवाच्या देवळापुढच्या रंगमंचावर हांगचौचा एक माणूस विजेच्या सावल्यांचा खेळ घेऊन आला. पांढरी चादर टांगली, यंत्र लावलं. सगळी गल्ली लोटली होती. बाबांना वयाचा मान म्हणून पहिल्या रांगेत वेताची खुर्ची मिळाली. मागे मी, तुझी वहिनी आणि पोरं. चादरीच्या कडेला एक वाचणारा उभा असतो. मध्येमध्ये अक्षरं येतात ती तो मोठ्याने वाचतो, म्हणजे अडाण्यालाही कळावं.

खेळ एका आजारी म्हाताऱ्याचा होता. मुलगे घर सोडून मजा मारायला जातात आणि मुलगी एकटी बापाला औषध भरवते. तुझी वहिनी माझ्या कानात म्हणाली, "अहो, ही आपल्या आयुनसारखी दिसते." मी म्हटलं, "गप बस. आयुन शांघायला शाळेत भरतकाम शिकवते." तेवढ्यात त्या मुलीने मान वळवली आणि भुवईजवळचा देवीचा वण दिसला. माझ्या तोंडचं पाणी पळालं. पडद्यावर तुझं नाव कुणी भलतंच लावलंय, पण वण कुठे लपवणार होतीस?

तू नट्यांमध्ये गेलीस, दोन वर्षं आम्हाला खोटी पत्रं लिहिलीस, एवढ्यावर भागलं असतं तर मी नशिबाला बोल लावून घरी आलो असतो. पण पुढे तो म्हातारा मेला. तू तागाचं सुतकी वस्त्र घालून आलीस, गुडघे टेकलेस, समोर मेलेल्याच्या नावाची पाटी. आणि ती पाटी मोठी होत होत सबंध चादरभर आली. वाचणाऱ्याला सवयच, अक्षर दिसलं की वाचायचं. त्याने खणखणीत आवाजात वाचलं, "कैलासवासी पिता तुंग पोछिंग यांचा आत्मा येथे विसावो."

आयुन, आपले बाबा पहिल्या रांगेत बसले होते. हातात पंखा होता.

सबंध पटांगणात कुणी खोकलंसुद्धा नाही. वाचणाऱ्यालाही काय झालं ते कळेना, तो माझ्याकडे बघतोय, मी जमिनीकडे. मग बाबांचाच आवाज आला, "थांबलास का? पुढे वाच." त्यांना धक्क्याने भान राहिलं नव्हतं, दुसरं काय.

काल सकाळी खछ्याओचे मामा होडीतून उतरले ते दारातूनच गळा काढत. हातात सांत्वनाचं पांढरं कापड. आत बाबा पेज जेवत होते. म्हणाले, "ये, बस. लोणचं घे." मामांना घेरी आली, त्यांना वारा घालायला तुझ्या वहिनीला धावावं लागलं.

मेलेल्यांना वर पैसा म्हणून पोचावा यासाठी जाळतात तो चंदेरी कागद विकणारं आपलं घर. पाटीवर जिवंत माणसाचं नाव घालणं म्हणजे काय हे तुला कुणी शिकवायला हवं होतं का? जित्या बापाचं श्राद्ध घातलंस. दुष्काळात तेरावा महिना म्हणतात, यंदा पंचांगातही तेरावा आला आणि आपल्या घरातही.

एवढंच सांग, ते नाव तिथे कसं आलं? कुणी वैर साधलं का? कुणी साधलं असेल तर मी त्याला बघून घेईन.

चीशान

---

शांघाय
१ नोव्हेंबर १९२५

दादा,

तुझं पत्र मी जिन्यात उभ्याने वाचलं आणि तिथेच बसले. घरमालकीण विचारत होती, कुणी गेलं का? मी नाही म्हटलं, तर तिला पटेना.

वैर कुणी साधलं नाही. ते नाव मी लिहायला सांगितलं.

सगळं सांगते, मग काय म्हणायचं ते म्हण. भरतकामाची शाळा खरी होती, पहिले सहा महिने. ती बंद पडली. तिथल्या एका मैत्रिणीने मला चित्रपटाच्या कंपनीत नेलं. मी घरी लिहिलं नाही, कारण तू काय म्हणशील ते मला तोंडपाठ होतं. बाबा काय म्हणतील ते ठाऊक नव्हतं, आणि त्याचीच जास्त भीती वाटली.

तिथे या चित्राची गोष्ट सांगितली तेव्हा मला वाटलं, हे चित्र एक दिवस घरी दाखवता येईल. बापाची सेवा करणारी मुलगी आहे, वाईट काय त्यात. पण सुतकाचा प्रसंग आला आणि मला रडू येईना. दिग्दर्शक भला माणूस आहे. आधी समजावलं, मग ओरडला, मग आल्याचा रस डोळ्याला लावला. डोळे लाल झाले, रडू नाही. म्हणाला, "तुझी आई आठव." आई गेली तेव्हा मी पाळण्यात होते. काय आठवू? दिवे तापलेले, सगळे ताटकळलेले, आणि पाटी कोरी. सामानवाला ब्रश घेऊन विचारत होता, म्हाताऱ्याचं काहीतरी नाव सांगा, कुठलंही चालेल.

माझ्या तोंडून बाबांचं नाव गेलं. त्याने लिहिलं. मी वाचलं आणि दादा, मला काय झालं सांगता येत नाही. दुकानात बाबांच्या मांडीवर बसून मी कागदाच्या लगडी वळायला शिकले. वाकडी वळली की ते म्हणायचे, "ही घेऊन गेला तर वरचा सावकार हसेल त्याला." ते सगळं एकदम आलं. कुणाला मला उठवता येईना इतकी मी रडले. यंत्र पाटीजवळ नेलेलं मला दिसलंच नाही. मला वाटलं होतं, पाटी कुठेतरी मागे राहील, कुणाला अक्षर दिसणार नाही.

मी गाढव आहे. पण मनात वाईट नव्हतं.

आता एवढं लिही. बाबांची तब्येत कशी आहे? जेवतात का? माझ्याबद्दल काय म्हणाले? मी पुढच्या आठवड्यात घरी येते. देवळापुढे, गल्लीत, म्हणशील तिथे नाक घासते.

आयुन

---

शाओशिंग
नवव्या महिन्याची पंचवीस

आयुन,

येऊ नकोस.

तू स्वतः सांगितलंस हे वाचून मी पत्र खाली ठेवलं आणि दुकानाच्या फळ्या लावून घेतल्या. चोर बाहेरचा असता तर बरं झालं असतं.

बाबा काही बोलत नाहीत. तुझं पत्र मला तीनदा वाचायला लावलं. आल्याच्या रसाचा भाग चौथ्यांदा. मग उठून मागच्या खोलीत गेले. साठी झाली तेव्हा करून घेतलेली त्यांची शवपेटी तिथे आहे, दर शरदात तिला रोगणाचा एक हात देतात, हे तुला ठाऊक आहे. यंदाचा हात देऊन झाला होता. त्यांनी रोगणवाल्याला परत बोलावून आणखी एक हात द्यायला लावला. तिच्याशेजारी स्टूल टाकून बसतात. तुझ्या वहिनीने विचारलं, "काय हवंय का?" तर म्हणाले, "नाही, सगळं आहे."  माणूस तयारीला लागलाय, आयुन. ती पाटी त्यांना लागली.

दुपारी होडीने खछ्याओला जातात आणि उशिरा परततात. मामांना धीर द्यायला जातात म्हणे. नेमका तो सावल्यांवालाही आता तिकडेच मुक्कामाला गेलाय. म्हणजे तिथेही त्यांच्या कानावर तीच पीडा.

आता मुद्द्याचं. तिसऱ्या आजोबांनी कुळातल्या सगळ्या घरांना बोलावलं. ते कुळाचे प्रमुख, त्यांच्यापुढे कुणाचं काय चालणार. ठरलं ते असं. हिवाळ्यातल्या अयनाच्या दिवशी पितरांच्या दालनात सगळे जमतात, त्याआधी बाबांनी शांघायच्या वर्तमानपत्रात तुझ्याशी संबंध तोडल्याचं जाहीर करायचं. नाही केलं तर नैवेद्याच्या मांसातला आपल्या घराचा वाटा बंद. पोरं शेजाऱ्यांच्या ताटात बघत बसतील. यंदा मला पहिल्यांदाच वडीलधाऱ्यांच्या टेबलाशी बसवणार होते, तेही गेलं असं धर.

मजकूर मीच लिहिला. "तुंग चीयुन हिने घराण्याच्या नावाला काळिमा फासला असून आजपासून ती माझी मुलगी नाही." बाबांपुढे ठेवला. त्यांनी वाचला, घडी केली, बाहीत घातला. म्हणाले, "अक्षर चांगलं आहे तुझं." त्यांच्या डोळ्यांकडे मला बघवेना.

तुला आधी कळवतोय, कारण छापून आल्यावर वाचलंस तर जास्त लागेल. एवढं मी भाऊ म्हणून करू शकतो.

चीशान

---

शांघाय
१६ नोव्हेंबर १९२५

दादा,

छापा.

पण बाबांच्या नावाने नको. माझ्या नावाने छापा. "मी, तुंग चीयुन, स्वतःहून घराशी संबंध तोडत आहे." तिसऱ्या आजोबांना संबंध तुटल्याशी मतलब, कुणी तोडला त्याच्याशी नाही. बाबांच्या हातून ते घडायला नको. ते एकदा बोललेलं मागे घेत नाहीत, आणि मग एकटे त्या स्टुलावर बसून कुढत राहतील. मी इथे कामात असते, मला सवय होईल.

काल कंपनीच्या मालकांच्या कानावर आमचं प्रकरण गेलं. माझ्या पाठीवर थाप मारून म्हणाले, "वा, जाहिरातीत घालू. बाप जिवंत असताना रडलेली पोर. आणखी महिनाभर खेळ चालेल."  हे गृहस्थ चित्राच्या शेवटी पडद्यावर लिहितात की मातापित्यांची सेवा हाच धर्म. मी म्हटलं, असं केलंत तर पुढच्या चित्रात दुसरी मुलगी शोधा. ते हसले आणि म्हणाले, मुली पुष्कळ आहेत.

तेव्हा इथलंही माझं काही खरं नाही. हे तुला रडगाणं म्हणून सांगत नाही. फक्त कळावं म्हणून, की मी ऐशारामात लोळत नाहीये.

तो मजकूर बाबांच्या बाहीतून काढून घे. तुझ्या पाया पडते. पेटीपाशी त्यांना एकटं बसू देऊ नकोस, धाकट्या पोराला मांडीवर देत जा. आणि ते जेवतात का, हे तू अजूनही लिहिलेलं नाहीस.

आयुन

---

शाओशिंग
दहाव्या महिन्याची बारा

आयुन,

बाबा घरात नाहीत.

सकाळी तुझी वहिनी गरम पाणी घेऊन गेली तर अंथरूण घडी केलेलं. दुकानात नाहीत, देवळात नाहीत, चहाच्या दुकानात नाहीत. मामांकडे माणूस पाठवला. मामा म्हणतात, ते माझ्याकडे कधी आलेच नाहीत, एकदाही नाही. मग रोज दुपारी होडीने जात होते ते कुठे?

मागच्या खोलीत गेलो. पेटी जागेवर आहे. पण शेजारची कपड्यांची पेटी उघडी. आयुन, त्यांची मरणवस्त्रं नाहीत. त्यांनी स्वतः निवडून शिवून घेतलेला निळा रेशमी झगा, टोपी, काळे जोडे, सगळं गेलं.

 माणूस ते कपडे कशासाठी घालतो? कालव्याच्या दोन्ही काठांनी माणसं हिंडतायत, होडीवाले बांबू घालून तळ बघतायत. मी घाटावर उभा राहून त्यांच्याकडे बघत होतो, आणि प्रत्येक वेळी बांबू कशाला तरी अडला की माझा जीव जात होता.

मीच तो मजकूर लिहिला. सुंदर अक्षरात लिहिला.

तुझ्याकडे आले तर तार कर. नाही आले तरी तार कर. आता कोण काय म्हणेल त्याची मला पर्वा नाही.

चीशान

---

शांघाय
१ डिसेंबर १९२५

दादा,

तार मिळाली असेलच. बाबा सुखरूप आहेत, पलीकडच्या खोलीत घोरतायत. आता नीट सांगते. घाईत लिहितेय, अक्षराकडे बघू नकोस.

तुझं पत्र परवा सकाळी आलं. ते हातात धरून मी बाहेर धावले. कुठे जायचं ते ठाऊक नव्हतं. कोपऱ्यावर वर्तमानपत्रवाला होता. मनात म्हटलं, निदान ते छापून आलंय का बघू, म्हणजे बाबा आदल्या दिवसापर्यंत होते एवढं तरी कळेल. शेवटच्या पानावर जाहिराती असतात. त्यात बाबांचं नाव होतं. मी डोळे मिटून घेतले, मग उघडले. कात्रण सोबत पाठवतेय, पण गहाळ झालं तर म्हणून उतरवून काढते.

"मी, शाओशिंगचा चंदेरी कागदाचा व्यापारी तुंग पोछिंग, जिवंत आहे. सध्या चालू असलेल्या चित्रपटातल्या पाटीवरचं नाव माझंच असून ते मी सांगितल्यावरून लिहिलेलं आहे. तिथे रडणारी तुंग चीयुन ही माझी मुलगी आहे. ज्यांना सांत्वनाला यायचं असेल त्यांनी वेळ येईपर्यंत थांबावं."

मी सांगितल्यावरून. दादा, बाबा जन्मात कधी खोटं बोलले नाहीत. मापात एक कागद कमी गेला तर गिऱ्हाइकाच्या मागे धावणारा माणूस. आणि खोटं बोलले ते छापून, सबंध शांघायपुढे.

कचेरीत गेले. तिथला कारकून अजून चकित होता. म्हणाला, "मरणवस्त्रं घातलेले आजोबा आले, आम्ही सगळे उठून उभे राहिलो. एक लिहिलेला कागद काढला, फाडला, आणि दुसरंच तोंडी सांगितलं." तिथून ते आमचं चित्र चाललेल्या थिएटरचा पत्ता विचारून गेले होते.

दुपारचा खेळ चालू होता. अंधारात पहिल्या रांगेत निळा रेशमी झगा दिसला. मी शेजारी जाऊन बसले. त्यांनी मान वळवली नाही. म्हणाले, "हलू नकोस. आता माझा प्राण जायचाय."

गेला प्राण पडद्यावर. मग मी आले तागाचं वस्त्र घालून. मी बाबांकडे बघत होते आणि बाबा माझ्याकडे, पण पडद्यावरच्या. दिवे लागल्यावर पहिलं वाक्य काय असावं? "त्या लगडी कुणी वळल्या? एकीलाही धड कोपरा नाही. तुझ्या कंपनीला सांग, कागद आपल्या दुकानातून घ्या." मला हसू आणि रडू एकदम फुटलं.

खछ्याओला ते मामांकडे जात नव्हते, दादा. तो सावल्यांवाला तिथे होता तोवर रोज हेच बघत होते. तो पुढे गेला म्हणून शांघायला आले. आणि मरणवस्त्रं घातली कारण त्यांच्याकडे दुसरा रेशमी झगाच नाही. म्हणाले, "शांघायच्या कचेरीत जायचं तर काय दुकानातली बंडी घालून जाऊ?" तुझे होडीवाले बांबूने तळ शोधत होते हे सांगितलं तर म्हणाले, "चीशानला लहानपणापासून सगळं पाण्यातच सापडतं." पण मग तुला तार आधी करायला हवी होती, असं स्वतःशीच म्हणाले.

शेवया खायला गेलो. मी माफी मागायला लागले तर त्यांनी चॉपस्टिक खाली ठेवल्या. "हे बघ," म्हणाले, "माणूस पेटी करून ठेवतो, कपडे करून ठेवतो, जागा बघून ठेवतो. एकच गोष्ट बघायची राहते, आपल्यामागे रडतं कोण. ज्याला ते कळायला हवं त्याला ते कधीच कळत नाही. मला कळलं. तिसरे आजोबा ऐंशीचे आहेत, त्यांना विचार त्यांचं कुणी रडेल का. म्हणून तर ते चिडलेत."

मग माझा हात ओढून घेतला आणि मनगटापासून खांद्यापर्यंत विती टाकल्या, लहानपणी टाकायचे तशा. "वाळलीस," म्हणाले, "हात मात्र लांब झाले."

आता जे लिहितेय ते वाचून रागावू नकोस. उठताना म्हणाले, "मी खरंच जाईन तेव्हा तू येऊ नकोस. ते लोक तुला दारात उभं करणार नाहीत, आणि चीशानला त्यांच्यातच राहायचंय. तो तुझ्यासाठी भांडेल आणि हरेल. तुझं रडून झालंय, मी बघितलंय. दुसऱ्यांदा नको."

मी हो म्हटलं. जन्मात एकच गोष्ट त्यांना न विचारता केली, आता या दुसरीत त्यांना नाही म्हणवेना.

उद्याच्या गाडीने त्यांना बसवते. हांगचौला घ्यायला ये. झगा नीट घडी करून ठेव, शेवयांचा डाग पडलाय बाहीवर.

आयुन

---

शाओशिंग
१९ मार्च १९२६
(तुझ्या पंचांगाने लिहितोय, म्हणजे तुला दिवस मोजायला सोपं)

प्रिय आयुन,

अनेक आशीर्वाद.

बाबा काल गेले. दुकानात लगड वळत बसले होते. अर्धी वळलेली तशीच हातात राहिली. त्रास झाला नाही.

तार केली नाही, कारण तारेत मावणार नाही असं बरंच सांगायचंय. पत्र उद्याच्या गाडीच्या गार्डाकडे देतोय.

अयनाच्या दिवशी आपल्या ताटात मांस आलं नाही, हे मी तुला तेव्हा लिहिलं नव्हतं. सगळ्यांच्या ताटात होतं. माझे कान तापले होते. बाबांनी खारवलेली भाजी मिटक्या मारत खाल्ली आणि तिसऱ्या आजोबांना म्हणाले, "दात राहिले नाहीत, मांस कुणाला चावतंय." त्या दिवशी मला त्यांची लाज वाटली. हे तुला सांगायलाच हवं.

काल त्यांना निळा झगा घातला. बाहीवर डाग तसाच आहे, तुझ्या वहिनीने दोनदा धुतला तरी निघाला नाही. मी थोरला मुलगा, सगळ्यांत पुढे गुडघे टेकून. मागे सबंध कूळ. आणि मला रडू येईना, आयुन. डोळे कोरडे. मागून कुजबुज ऐकू येत होती, मुलगा दगड आहे. बाबा गेले हे मला समजतच नव्हतं. झोपलेत असं वाटत होतं, आता उठून माझ्या अक्षराबद्दल काहीतरी म्हणतील.

मग पाटी लिहिणारा आला. कोऱ्या पाटीवर ब्रशने लिहायला लागला. तुंग. पो. छिंग. शेवटची रेघ ओढली आणि मी ते वाचलं.

मला धरायला तिघे लागले. असं होतं हे तू लिहिलं होतंस. मी ते तीनदा मोठ्याने वाचून दाखवलं होतं आणि एकदाही मला कळलं नव्हतं.

तिसऱ्या आजोबांनी सांगितलंय, नटीने अंगणात पाय ठेवला तर कूळ उठून जाईल. बाबांनीही तुला येऊ नकोस म्हणून सांगितलं, ते तू पाळशील हे मला ठाऊक आहे. मीही पाळणार होतो. पण आज सकाळी तुझ्या वहिनीने सुतकाची वस्त्रं काढायला कपड्यांची पेटी उघडली. बाबांनी सगळ्यांची शिवून घेतली होती, कुणाला धावपळ नको म्हणून. माझं, तिचं, पोरांची. त्याखाली आणखी एक होतं. बाईचं, अरुंद खांद्याचं. शिंप्याला बोलावून विचारलं. तो म्हणाला, शांघायहून आल्यावर लगेच शिवायला टाकलं होतं. बाह्यांचं माप त्यांनी स्वतः दिलं, वितींनी. आणि दोनदा बजावलं होतं, हात लांब आहेत, आखूड करू नकोस.

मी ते वस्त्र घेऊन तिसऱ्या आजोबांकडे गेलो. त्यांच्यापुढे ठेवलं. म्हटलं, हे बाबांनी करून ठेवलंय, ते घालणारी येईपर्यंत शवपेटीचं झाकण ठोकणार नाही. ज्यांना उठून जायचं त्यांनी जावं.  कूळ उठून गेलं. मामा राहिले, शेजारचा तेलवाला राहिला, रोगणवाला राहिला.

पत्र मिळेल त्या गाडीला बस. हांगचौला घाटावर मी होडी घेऊन थांबेन.

तुझा दादा